बहिरी, कापलेलं जाळं आणि जवळपास सात महिन्यांची फाइल

११ फेब्रुवारी २०२३, शनिवार. सकाळी आठ वाजून वीस मिनिटांनी दिराचा व्हिडिओ आला. वारा, माणसांची ओरड, आणि पडद्यावर एक राखाडी पाठ. पाठीवर पांढरे ठिपके. त्या पाठीला करकचून आवळलेलं आमचं दालदी जाळं, म्हणजे पाण्यात भिंतीसारखं सोडायचं जाळं. खाली एक ओळ होती: "बहिरी अडकलाय. बाबा कापू देत नाहीत. काय करू?" बहिरी म्हणजे व्हेल शार्क मासा.

मी घाईघाईने उत्तर लिहायला घेतलं, तेवढ्यात दुसरा व्हिडिओ पडला. त्यात जाळं कापून झालं होतं आणि मासा खाली जात होता. पहिला मेसेज पहाटे सहाचा होता, रेंज मिळाल्यावर दोन्ही एकदम आले. म्हणजे ज्यावर माझं मत विचारलं होतं, तो निर्णय दोन तासांपूर्वीच होऊन गेला होता. माझ्या वाट्याला उरली ती पुढची कागदपत्रं. ती संपायला सप्टेंबर उजाडला.

हे लिहायचं कारण एवढंच की, आमच्या किनाऱ्यावर जाळं कापणारे पुष्कळ आहेत, पण त्याची भरपाई मिळते हे ऐकून माहीत असलेले आणि अर्ज कसा करायचा हे कोणालाच न विचारता गप्प बसणारे त्याहून जास्त. आम्हीही त्यातलेच होतो.

बहिरीला कोणी करंज म्हणतं, कोणी देवमुशी. जगातला सगळ्यात मोठा मासा, आणि खातो काय, तर प्लवंग आणि बारीकसारीक जीव, तोंड उघडून पाणी गाळत. माणसाला काही करत नाही. आमच्या जाळ्यातला साधारण वीस फुटांचा असावा. आमची बोट बेचाळीस फुटांची, तिच्या निम्म्याला जवळजवळ पोचलेला. दालद्यात अडकला की तो गोल फिरतो आणि जितका फिरेल तितकं जाळं अंगाभोवती गुंडाळून घेतो. शेपटी आणि कल्ले एकदा आवळले गेले की जाळं सोडवणं शक्य नसतं. कापावंच लागतं.

बाबा, म्हणजे माझे सासरे, बोटीचे मालक आणि तांडेल, म्हणजे बोटीवरचा म्होरक्या, तोही तेच. ते कापू देत नव्हते त्याचं कारण जाळ्याची किंमत हे अर्धंच. दुसरं अर्धं म्हणजे भीती. हा मासा मे २००१ पासून वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे, वाघाच्या बरोबरीने. त्या वेळच्या कायद्याने शिक्षा तीन ते सात वर्षं. बाबांना कलमं माहीत नाहीत, पण "बहिरी बोटीवर दिसला की आत टाकतात" एवढं पक्कं ठाऊक. त्यांचा सोपा हिशेब असा: मेला तर पाण्यात सोडायचा, सुटला तर सुटला, पण फोटो काढायचा नाही. फोटो म्हणजे आपणच दिलेला पुरावा.

कापायला लावलं आमच्या एका खलाशाने. तो पालघर जिल्ह्यातल्या तलासरीकडचा, दहा-बारा वर्षं वेरावळच्या बोटींवर होता. आमच्या जिल्ह्यातले कितीतरी आदिवासी खलाशी हंगामाला गुजरातेत जातात, तसाच. तिथे एकेकाळी याच माशाला भाल्याने मारत. त्याच्या यकृताचं तेल लाकडी बोटींना चोपडायचे, मांस परदेशी जायचं. मग २००४ मध्ये तिथे मोठी मोहीम झाली, कथाकार मोरारी बापूंनी सांगितलं की, ही सासरी दिलेली लेक आहे, बाळंतपणाला माहेरी येते. तेव्हापासून तिथले लोक तिला व्हाली म्हणतात, म्हणजे लाडकी, आणि जाळं कापून सोडतात. सरकार पैसे देतं. हा खलाशी बाबांना एवढंच म्हणाला, "तांडेल, तिकडं देतात, इकडंपण देतात. पोरग्याला फोटो काढू द्या." पाच माणसं, दोन कोयते आणि एक भाजी कापायची सुरी, पन्नास मिनिटं लागली.

इकडंही देतात हे खरं आहे. महाराष्ट्रात ही योजना डिसेंबर २०१८ मध्ये आली. मासेमारी करताना चुकून संरक्षित प्राणी अडकला, म्हणजे समुद्री कासव, डॉल्फिन, करवत मासा, व्हेल शार्क, आणि जाळं कापून तो जिवंत सोडला, तर जाळ्याच्या नुकसानापोटी कमाल २५,००० रुपये. वन विभागाचा कांदळवन कक्ष आणि मत्स्यव्यवसाय विभाग मिळून ती चालवतात. याचा कागद आमच्या मच्छीमार सोसायटीच्या भिंतीवर कधीपासून चिकटवलेला होता. मी तो शंभर वेळा पाहिला असेन, वाचला मात्र नव्हता.

साडेआठला मी १९२६ लावला. ही वन विभागाची हेल्पलाइन. पलीकडच्या बाईंनी दोन प्रश्न विचारले: प्राणी जिवंत आहे का, आणि सोडला का. मग म्हणाल्या की तुमच्या बंदराच्या मत्स्यव्यवसाय परवाना अधिकाऱ्यांना आजच कळवा, तोंडी नको, लेखी. मी साध्या कागदावर चार ओळी लिहिल्या. बोटीचं नाव, नोंदणी क्रमांक, तारीख, वेळ, कुठे, काय अडकलं, किती जाळं कापलं. त्याचा फोटो अधिकाऱ्यांच्या व्हॉट्सअॅपवर पाठवला आणि सोमवारी मूळ कागद देऊन पोच घेतली. हा पोचेचा शिक्का पुढे फार कामाला आला, कारण "तुम्ही कधी कळवलं?" हा प्रश्न मला तीन वेगवेगळ्या माणसांनी विचारला.

बोट दुपारी धक्क्याला लागली. पहिली गडबड इथे झाली. जाळं फाटून आलं की आमच्याकडे ते लगेच पसरून तुणायला घेतात, हात रिकामा कोणाचाच नसतो. मी पोचले तोवर दोन शेजारणी सुई-दोरा घेऊन बसल्याही होत्या, एक भोक निम्मं भरून झालं होतं. मी धावत जाऊन थांबवलं. सगळ्यांना वाटलं, हिला झालंय काय. पंचनामा होईपर्यंत फाटलेल्या जाळ्याला हात लावायचा नाही, आणि कापलेले तुकडे फेकायचे नाहीत. आमचं ते जाळं चार दिवस अंगणात पडून होतं. फेब्रुवारीचं ऊन, मासळीचा वास, गावातली सगळी मांजरं. सासूबाई मला काही बोलल्या नाहीत, पण भांडी मात्र जरा जोरात आपटत होत्या.

मंगळवारी, १४ फेब्रुवारीला पंचनामा झाला. दोन माणसं आली, जाळं मोजलं, फोटो काढले, बाबांचा आणि दोन खलाशांचा जबाब घेतला. बाबा आदल्या रात्री झोपले नव्हते. जबाब देताना ते इतके आखडून बोलत होते की, मधेच त्या अधिकाऱ्यांनी पेन खाली ठेवलं आणि म्हणाले, "काका, तुम्ही मारला नाही, सोडलात. आणि स्वतःहून सांगितलंत. ही योजना तुमच्यासारख्यांसाठीच आहे, आम्ही केस करायला नाही आलो." बाबांनी मान हलवली. अधिकारी गेल्यावर बाबा मला म्हणाले, "असा कागदावर लिहून देतील का?" मी हसले, पण त्यांचं चुकत नव्हतं. ज्याला आयुष्यभर खात्याचा माणूस दंडाची पावती घेऊनच भेटला, त्याने दोन गोड शब्दांवर का विश्वास ठेवावा?

आता फाइल. आमच्याकडून घेतलेले कागद असे: अर्ज, नौका नोंदणी प्रमाणपत्र, चालू वर्षाचा मासेमारी परवाना, मालकाचं आधार कार्ड, पासबुकाच्या पहिल्या पानाची प्रत, सोसायटीचं पत्र, जाळ्याच्या किमतीचा पुरावा, आणि फोटो-व्हिडिओ. ऐकायला आठच कागद. त्यातल्या काहींनी मला रडवलं.

पहिलं, नाव. बोटीच्या नोंदणीत बाबांचं नाव वडिलांच्या नावासकट आणि पुढे "भाऊ" लावलेलं. आधारवर भाऊ नाही. पासबुकावर आडनावाचं स्पेलिंगच वेगळं. तीन कागद, तीन माणसं. कोणीतरी सांगितलं प्रतिज्ञापत्र कर. मी शंभराचा मुद्रांक घेऊन आले, टंकलेखनाचे आणि नोटरीचे मिळून अडीचशे दिले. नंतर कळलं की सरकारी कार्यालयात द्यायच्या प्रतिज्ञापत्राला महाराष्ट्रात २००४ पासून मुद्रांक लागतच नाही, साध्या कागदावर चालतं. स्टॅम्पवाला हे सांगणार नाही, त्याचं पोट आहे. तुम्ही मात्र आधी विचारा.

दुसरं, किमतीचा पुरावा. जाळ्याचं बिल कोणाकडे असतं? आम्ही जाळं, दोरी, बोये, शिसं सगळं उधारीवर उचलतो आणि हंगामात मासळीतून वळतं करतो. जाळं तुकडे जोडून करतात, त्यातले सात तुकडे गेले होते. नवा तुकडा दोरी आणि बोये धरून साडेपाच हजारांना पडतो, म्हणजे साडेअडतीस हजार. हे मी तोंडाने सांगून उपयोग नव्हता. शेवटी सोसायटीच्या सचिवांनी उधारीच्या वहीतल्या आमच्या पानाची प्रत सही-शिक्क्यानिशी दिली. त्यात ऑक्टोबर २०२१ मध्ये उचललेले तुकडे होते. जाळं दीड वर्षाचं जुनं निघालं आणि किंमत त्या हिशेबाने धरली गेली. यात मला अन्याय वाटला नाही, पण आधी माहीत असतं तर मी मनातल्या मनात पंचवीस हजारांचे बेत केले नसते. भरपाई मिळते ती फक्त जाळ्याची, हेही लक्षात ठेवा. त्या दिवसाची मासळी, डिझेल, बर्फ, खलाशांचा बुडालेला वाटा, यांचा कुठेच रकाना नाही.

तिसरं, फोटो. दिराने व्हिडिओ मला व्हॉट्सअॅपवर पाठवले होते, मी तेच पेन ड्राइव्हवर टाकून दिले. व्हॉट्सअॅपवरून आलेल्या फोटोतून तारीख, वेळ, जागा ही आतली नोंद निघून जाते. मूळ फाइल ज्याच्या फोनमध्ये आहे, तिथूनच घ्यावी लागते. दिराचा फोन तोवर भरला होता आणि जागा करायला त्याने काय काय उडवलं होतं ते विचारू नका. सुदैवाने मोठा व्हिडिओ वाचला, एक मिनिट चाळीस सेकंदांचा.

३ मार्चला, शुक्रवारी, फाइल गेली. परवाना अधिकाऱ्यांकडून जिल्ह्याच्या सहायक आयुक्तांकडे, तिथून मुंबईला कांदळवन प्रतिष्ठानकडे. माझी कल्पना होती की महिन्यात होईल.

२८ मार्चला मुंबईहून फोन आला. बाई नीट बोलल्या. म्हणाल्या, "मासा दिसतो, जाळं दिसतं, सोडलेलं दिसतं. पण ही तुमचीच बोट आहे हे कुठे दिसतं?" मी व्हिडिओ पुन्हा पाहिला. खरंच. पुन्हा पाहिला. बोटीचा नंबर बाहेरच्या बाजूला, नाळेवर, म्हणजे पुढच्या टोकाला, आणि मागे असतो. फोटो काढणारा आत उभा. आत उभं राहून नंबर दिसणार कसा? त्या रात्री मी आणि नवरा तो एक मिनिट चाळीस सेकंदांचा तुकडा थांबवत थांबवत बघत बसलो. बावन्नाव्या सेकंदाला दीर तोल जाऊन बाहेर झुकतो, फोन हलतो, आणि क्षणभर बोटीच्या कुशीवरचे शेवटचे चार आकडे दिसतात. तेवढी चौकट कापून पाठवली. त्या पोराचा तोल गेला नसता तर आमचा अर्ज तिथेच बसला असता.

म्हणून कापायच्या आधीच्या दोन मिनिटांबद्दल थोडं सविस्तर सांगते, कारण बाकी सगळं नंतर दुरुस्त होतं, हे होत नाही. एक माणूस फक्त फोनवर ठेवा. कोयता चालवायच्या आधी अडकलेला प्राणी आणि जाळं एकत्र, मग कापताना, मग मोकळा होऊन जाताना, शक्यतो एकच सलग व्हिडिओ. वाकून बोटीचा नंबर घ्या. जीपीएसवर त्या जागेची खूण करून पडद्याचा फोटो काढा; नवऱ्याने ती खूण केली होती, त्यामुळे अर्जातली जागा बिनचूक भरता आली. बहिरी असेल तर कल्ल्याच्या मागची डावी बाजू नीट टिपता आली तर टिपा. प्रत्येकाच्या ठिपक्यांची रचना वेगळी असते, आपल्या बोटांच्या ठशांसारखी, आणि अभ्यासक त्यावरून तोच मासा पुन्हा कुठे दिसला ते ओळखतात. याचा अर्जाशी संबंध नाही. पण आमच्या व्हिडिओत ती बाजू आली होती आणि मुंबईच्या बाईंनी ती आवर्जून मागून घेतली. मासा शेपटीला दोर बांधून ओढू मात्र नका. त्याला जखमा होतात, आणि तो जोरात उसळला तर माणूस पाण्यात जातो.

एप्रिल गेला, मे गेला. १ जूनला मासेमारी बंद झाली, बोट वर ओढली. बंदीच्या दोन महिन्यांत घरात पैसा नसतो आणि जाळ्यांचं काम असतं, त्यामुळे रोज कोणीतरी विचारायचं, "तुझे ते बहिरीचे आले का?" माझे. जणू मासा मीच पकडला होता. मी पंधरा दिवसांनी एकदा फोन करायचे, जावक क्रमांक सांगायचे, "प्रक्रियेत आहे" ऐकायचे. जावक क्रमांक लिहून ठेवा, नावाने कोणाला फाइल सापडत नाही.

जुलैच्या दुसऱ्या आठवड्यात, पावसात, पुन्हा फोन. बँक शाखेचा आयएफएससी कोड चुकला आहे. ही चूक शंभर टक्के माझी. या कोडात पाचवं अक्षर नेहमी शून्य असतं. मी अर्जात ते इंग्रजी ओ म्हणून भरलं होतं, आणि वाणिज्य पदवीची मी! कोणाला सांगायची सोय नव्हती. रद्द केलेला धनादेश दिला असता तर कोड हाताने लिहायची वेळच आली नसती. बाबांकडे चेकबुक नव्हतं. दुसऱ्या दिवशी बँकेत जाऊन खात्याचा तपशील छापून घेतला, शिक्का मारला, भिजत जाऊन दिला.

४ सप्टेंबर २०२३, सोमवार. बाबांच्या साध्या फोनवर बँकेचा मेसेज आला. त्यांना इंग्रजी येत नाही, फोन माझ्या हातात दिला. २०,७५० रुपये जमा.

खर्चाचा हिशेब मी मांडला होता, तोही सांगते. झेरॉक्स आणि फोटोच्या प्रती १६०, प्रतिज्ञापत्र ३५०, पेन ड्राइव्ह ३००, एसटी-रिक्षा मिळून पाच खेपांचे साडेसहाशे. म्हणजे १,४६०. शिवाय पाच अर्धे दिवस. नवीन सात तुकड्यांचे साडेअडतीस हजार, त्यातले निम्म्याहून थोडे जास्त आले. नफा झाला नाही आणि तो होणारही नव्हता. बाबांनी त्यातले दोन हजार त्या तलासरीच्या खलाशाला दिले. का, ते बोलले नाहीत.

यंदा हंगाम सुरू व्हायच्या आधी बोटीला रंग लावला. दरवर्षी नंबर रंगवणारा पेंटर येतो, बाहेर दोन्ही बाजूंना लिहितो. या वेळी बाबांनी त्याला आत बोलावलं आणि जिथून जाळं ओढतात तिथे, कठड्याच्या आतल्या फळीवर, हातभर मोठ्या आकड्यांत नंबर लिहायला सांगितला. पेंटर म्हणाला, "आत कोण बघनार, नाखवा? दोनशे रुपये जास्त पडतील."

"साहेब बघंल," बाबा म्हणाले. "तू लिव."